आई पिलारशी काय बोलायची

त्याचं नाव मी इथे लिहिणार नाही. त्याच्या देशात म्हणे त्याच्या नावाचं सभागृह आहे, पदकं आहेत, त्याच्या सिनेमांवर जाडजूड पुस्तकं आहेत. त्या ढिगात माझ्याकडून आणखी एक भर कशाला? त्याने माझं नाव गाळलं, मी त्याचं गाळते. फिट्टंफाट. आमच्या घरात त्याला सगळे सेन्योर, म्हणजे स्पॅनिशमध्ये साहेब, म्हणायचे, तेवढंच इथे पुरे.

मला ओळखणारे म्हणतील, बाईंचा राग अजून गेला नाही. नाहीच गेला. मी सिनेमांचे हक्क घेते आणि अमेरिकेतल्या थिएटरांना विकते. हा धंदा मी एकटीने उभा केला आणि त्यात रागानेच मला तारलं. मुंबईचे निर्माते एकमेकांना सांगतात, मंजिरीताईंशी बोलायला बसायचं तर आधी पोटभर जेवून घ्या, त्या उठू देत नाहीत. कागदावर सही झाल्याशिवाय मी कुणाला चहासुद्धा विचारत नाही. ही सवय मला कुणी शिकवली असेल तर सेन्योरने. त्याच्याशी मी आयुष्यातला पहिला सौदा केला, तोंडी केला आणि त्यात जे विकलं ते माझं नव्हतं.

आम्ही ह्यूस्टनजवळ शुगर लँडला राहायचो. नागपूरहून आलो तेव्हा मी आठ वर्षांची होते. बाबा तेलाच्या कंपनीत इंजिनिअर. मी बारावीत होते त्या वर्षी तेलाचे भाव कोसळले आणि एका शुक्रवारी बाबा त्यांच्या टेबलावरच्या वस्तू खोक्यात घालून घरी आले. ती खोकी गराजमध्ये ठेवली आणि कित्येक महिने कुणी उघडली नाहीत. बाबा रोज सकाळी दाढी करून, कडक इस्त्रीचा शर्ट घालून जेवणाच्या टेबलाशी अर्ज लिहीत बसायचे. आई स्वयंपाकघरात भांडी न वाजवता वावरायची. एसीची घरघर तेवढी ऐकू यायची, आणि बाहेर ती ह्यूस्टनकडची ओली उष्णता, दार उघडलं की ओला टॉवेल तोंडावर मारल्यासारखी. त्या वेळी एका डॉक्टर काकांनी आईला सुचवलं, "वहिनी, आमच्या हॉस्पिटलात जगभरातून पेशंट येतात. नातेवाइकांना महिनोन्महिने हॉटेलं परवडत नाहीत. तुमची वरची खोली रिकामीच आहे ना?" बाबांना ते अपमानाचं वाटलं. आई म्हणाली, "माणसं आजारी आहेत, त्यांना भात घालायचा. त्यात कसला अपमान?"

अशी ती दोघं आली. सेन्योर साठीच्या आतला, उंच, वाकलेला, नाकपुड्यांत केस, हातात टाइपरायटरची पेटी. आणि पिलार, त्याची बायको. डोक्याला निळा रुमाल, चेहरा मेणासारखा आणि डोळे इतके जिवंत की पहिल्या दिवशी मी बघतच राहिले. सामानातून तिने एक वस्तू काढून आईच्या हातात ठेवली, तपकिरी मातीची खोलगट ताटली, तिच्या आईच्या घरची. आईने ती उलटसुलट करून बघितली, टिचकी मारली आणि म्हणाली, "दही छान लागेल यात." मराठीतच म्हणाली. पिलार हसून स्पॅनिशमध्ये काहीतरी बोलली. त्या दोघींचं बोलणं शेवटपर्यंत असंच चाललं, दोघींपैकी एकीलाही दुसरीचा एक शब्द कळायचा नाही.

सेन्योरची कहाणी मला जेवणाच्या टेबलावर तुकड्यातुकड्यांनी कळली. शाळेत मी स्पॅनिश घेतलं होतं, त्याला मोडकंतोडकं इंग्रजी यायचं, त्यामुळे घरात दुभाषी मीच. त्याचा बाप गावातल्या थिएटरात सिनेमाची मशीन चालवायचा. तरुणपणी सेन्योर दुसऱ्यांच्या नावावर पटकथा लिहायचा, कारण सरकारला त्याचं नाव पसंत नव्हतं. एकंदर अकरा सिनेमे लिहिले, अकराही पडद्यावर दुसऱ्यांच्या नावाने आले. "थिएटरात बसून आपलं वाक्य ऐकायचं आणि नाव दुसऱ्याचं वाचायचं," तो म्हणाला, "हे काय असतं ते तुला नाही कळणार." (मला नाही कळणार! हे वाक्य आजही आठवलं की माझं डोकं तापतं.) मग दिवस बदलले, त्याने स्वतः दिग्दर्शन केलं. पहिला सिनेमा चालला, दुसरा देशोदेशी गाजला, तिसरा पडला. अमेरिकेतल्या एका स्टुडिओने त्याला बोलावून घेतलं, दोन वर्षं लिहायला लावलं आणि सोडून दिलं. त्यानंतर सात वर्षं त्याने एकही सिनेमा केला नव्हता. आणि आता पिलारचा आजार. बाबा हे सगळं ऐकून मला मराठीत म्हणाले, "म्हणजे हाही बेकारच की!" आणि पहिल्यांदा त्याला स्वतःहून आणखी भात वाढला.

गराजमध्ये बाबांच्या खोक्यांवर फळी टाकून त्याने टेबल केलं होतं. दार अर्धं वर करून, बनियनवर, घामाने निथळत तो टाइपरायटरसमोर बसायचा. आवाज मात्र यायचा नाही. मी कोक घेऊन गेले की कागद कोराच. तो मला "सोसिया" म्हणायचा. सोसिया म्हणजे भागीदार. सतरा वर्षांच्या मुलीला कुणी भागीदार म्हटलं की तिचं काय होतं ते मी सांगायला नको.

इथे आमच्या एका सवयीबद्दल सांगायला हवं. अमेरिकेतली मराठी माणसं चारचौघांत मराठीत वाटेल ते बोलतात. लिफ्टमध्ये, दुकानात, डॉक्टरकडे. आई तर दुकानाच्या रांगेत पुढच्या बाईकडे बघून खुशाल मोठ्याने म्हणायची, "हिची ट्रॉली बघ मंजू, कुत्र्यासाठी एवढं मांस आणि पोरासाठी एक सफरचंद!" ती बाई वळून गोड हसायची, आईही गोड हसायची. आतून कडी लावता येईल अशी एकच खोली आम्हाला या देशात मिळाली होती, आणि ती म्हणजे आमची भाषा. आईला घरात तर तीही नव्हती, कारण घरात सगळ्यांनाच मराठी यायचं.

म्हणून पिलार. दर दुपारी, हॉस्पिटलातून आल्यावर, आई तिला स्वयंपाकघरातल्या खुर्चीत उशी देऊन बसवायची. मऊ भात, वर तूप आणि मेतकूट, एवढंच तिच्या पोटात ठरायचं. ती चमच्याचमच्याने खायची आणि आई समोर बसून भाजी निवडत बोलायची. दोन-दोन तास बोलायची. बाबांच्या बेकारीने मुक्या झालेल्या त्या घरात तो एकच आवाज, खालच्या पट्टीतला, न थांबणारा. मी आत गेले की थांबायचा.

एका दुपारी सेन्योरने गराजमध्ये मला विचारलं, "तुझी आई माझ्या बायकोशी काय बोलते?"

"बायकोलाच विचारा की."

"तिला कळत नाही. ती म्हणते, ऐकायला बरं वाटतं. हॉस्पिटलात सगळे तिच्याशी तिच्या पोटाबद्दल बोलतात, तुझी आई दुसऱ्या कशाबद्दल तरी बोलते."

"मग तुम्हाला कशाला हवंय?"

त्याने कोऱ्या कागदाकडे बोट दाखवलं. "सात वर्षांत माझ्या कानावर खरं असं काही पडलेलं नाही."

यावर मुलीने काय म्हणायला हवं होतं? "ते आईचं आहे." एवढंच. मी म्हणाले, "मला काय मिळेल?"

तो इतका हसला की खोकला लागला. "तू माझ्या निर्मात्याहून वाईट आहेस!"

मी अटी घातल्या. कॅलिफोर्नियात सिनेमा शिकायला जायचं माझ्या डोक्यात होतं, तर तिथल्या कॉलेजला त्याने शिफारसपत्र द्यायचं. सिनेमा झालाच तर लेखकांत माझं नाव. आणि आमच्या घरातलं म्हणून कुणाला काही ओळखू येता कामा नये. तो प्रत्येक अटीला "कबूल" म्हणत गेला. मी हात पुढे केला, त्याने घामट हाताने तो दाबला. कागद समोर होता, टाइपरायटर होता, आणि मला दोन ओळी लिहून घ्यायचं सुचलं नाही.

स्वयंपाकघराला लागून लाँड्रीची खोली होती. ड्रायर बंद ठेवून, मांडीवर पुस्तक घेऊन मी तिथे बसायला लागले. पहिले काही दिवस हाती काही लागलं नाही. अमक्या काकूंनी आणलेल्या श्रीखंडात साखर कचकच लागते, तमक्यांची सून सासूला नावाने हाक मारते, शुगर लँडच्या कढीपत्त्याला वासच नाही. मी ते सगळं सेन्योरला सांगायचे, तो मान हलवायचा, लिहायचा नाही. मला वाटायला लागलं, हा माल खपणार नाही आणि पत्रही मिळणार नाही. खरं म्हणजे एक-दोन दिवसांत मी ते सोडूनच दिलं असतं. पण त्या दुपारी आई माझ्याबद्दल बोलली.

"माझी मंजू ना," ती पिलारला म्हणाली, शेंगा सोलता सोलता, "हुशार आहे, कुणाला हार जायची नाही. पण हिला कशातही आधी दिसतं ते आपल्याला काय मिळेल. बापावर गेलीय. भीती वाटते मला तिची."

त्या अंधाऱ्या खोलीत माझे कान पेटले. आई तोंडावर काहीही बोलली असती तरी मी तिच्याशी भांडले असते, रडले असते आणि रात्री तिच्याच कुशीत झोपले असते. पण ती एका परक्या बाईला हे सांगत होती, आणि शांतपणे, वाटाण्याच्या भावाबद्दल बोलावं तसं. मला उठून जायचं होतं. उठले असते तर सापडले असते. म्हणून बसून राहिले, आणि आईने पुढचं सांगितलं.

बापावर कशी गेलीय, ते सांगायला तिने एक जुनी गोष्ट काढली. आम्ही अमेरिकेत आल्यावरची दुसरी संक्रांत. आईचं इथलं पहिलं हळदीकुंकू, पाच-सहा बायका बोलावलेल्या, काळी चंद्रकळा नेसून आई स्वयंपाकघरात तिळगुळाच्या वड्या थापत होती. फोन वाजला. बाबांनी उचलला. आईला ते दारातून दिसत होते. फोनची गुंडाळी-गुंडाळीची वायर ते बोटाभोवती फिरवत होते, बोट पांढरंफटक होईपर्यंत, आणि नुसतं "हो, हो, बरं" म्हणत होते. फोन ठेवल्यावर म्हणाले, "ऑफिसचा होता." मग बायका आल्या. आईने हळदीकुंकू लावलं, सगळ्यांना तिळगूळ दिला, गोड बोला म्हणाली, आग्रहाखातर उखाणा घेतला. नागपूरला त्याच सकाळी तिचे वडील गेले होते.

बाबांनी तिला पंधरा दिवसांनी सांगितलं, तेरावं होऊन गेल्यावर. म्हणाले, फोन लागत नव्हते, मलाही आत्ताच कळलं. आमचे ग्रीन कार्डचे कागद तेव्हा अडकलेले होते. आई गेली असती तर परत येता येईल याची खात्री नव्हती. एवढ्यासाठी. आई रडली, आणि तिने विश्वास ठेवला. मग मामाचं पत्र आलं. "त्याच दिवशी फोन केला होता. भाऊजी म्हणाले, कागदांचं चाललंय, तिला सवडीने सांगतो." ते पत्र आईने तांदळाच्या डब्यात तळाशी ठेवलं होतं, आठ वर्षं.

"लग्न झालेल्या मुलीला तीन दिवसांचं सुतक असतं, पिलार," आई म्हणाली. "तीनच दिवस. तेवढेही मला मिळाले नाहीत. माझा बाप जळत होता आणि मी इथे उखाणा घेत होते. मला माहीत आहे हे ह्यांना माहीत नाही. मी वाट बघतेय. एक दिवस स्वतःहून सांगतील."

पिलारने काय केलं ते मला दिसत नव्हतं. खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

मी मागच्या दाराने गराजमध्ये गेले. मी रागात होते. तुझी मंजू आधी काय बघते ते बघच आता, असं काहीतरी माझ्या मनात होतं. मी सेन्योरला सगळं सांगितलं, एक धागा न सोडता. माझं संपल्यावर त्याने चष्मा काढला, बनियनला पुसला, परत घातला आणि एकच प्रश्न विचारला.

"कोणतं बोट?"

मला माहीत होतं. बाबांची ती सवयच होती. "डाव्या हाताचं. अंगठ्याशेजारचं."

त्याने कागद चढवला. त्या संध्याकाळी पहिल्यांदा आमच्या गराजमधून टाइपरायटर वाजल्याचा आवाज आला. बाबा टेबलावरून ओरडून म्हणाले, "चला, एकाला तरी काम लागलं!"

पावसाळी वादळांचे दिवस संपता संपता ती दोघं परत गेली. हॉस्पिटलने हात टेकले होते. निघताना पिलारने आईचा चेहरा दोन्ही हातांत धरला आणि स्पॅनिशमध्ये बरंच काही बोलली. आईने मला विचारलं नाही ती काय म्हणाली, आणि मीही सांगितलं नाही. चार महिन्यांनी पिलार गेल्याचं पत्र आलं. आईने त्या दिवसापासून तीन दिवस देवाला हात लावला नाही, गोडधोड केलं नाही, कपाळाला कुंकू नाही. बाबा चिडले, "अगं, कोण लागत होती ती आपली?" आई म्हणाली, "बसू दे मला तीन दिवस." बाबांना कळलं नाही. घरात कळलं ते फक्त मला, आणि तरी मी बोलले नाही. मला शिफारसपत्राची काळजी होती. तेही आलं, ठरल्याप्रमाणे, त्याच्या सहीचं. कॅलिफोर्नियाच्या कॉलेजने मला पुढच्या वर्षाची जागा दिली. बाबांना एका छोट्या कंपनीत नोकरी लागली. आईचं दही त्या मातीच्या ताटलीत खरंच छान लागायचं.

आणि मग सिनेमा आला. जगभर गाजून आला. ह्यूस्टनच्या एका म्युझियमच्या हॉलमध्ये रविवारी दुपारचा एकच खेळ होता. मीच घरच्यांना घेऊन गेले! कुणी जबरदस्ती केली नव्हती. मला त्यांना पडद्यावरचं माझं नाव दाखवायचं होतं. बाबांनी सूट घातला, आईने पैठणी नेसली. बाबा गाडीतून उतरताना म्हणाले, "आपल्या गराजमध्ये लिहिलेला सिनेमा, आणि तिकीट आपल्यालाच!" आई हसली. बाबांच्या विनोदाला आई हसल्याचं मला आठवणारं ते शेवटचं.

सिनेमात एक स्पॅनिश जोडपं जर्मनीत कारखान्यात कामाला गेलेलं. थंडी, बर्फ, सगळं वेगळं. मी निर्धास्त झाले. मग एका सणाच्या दिवशी ती बाई काळा झगा घालून शेजारणींसाठी गोड वड्या थापते. जिन्याखाली फोन वाजतो. नवरा उचलतो. आणि पडदाभर एक हात दिसायला लागतो, डावा, अंगठ्याशेजारच्या बोटाभोवती वायर गुंडाळत जाणारा. हॉलमध्ये कुणीतरी सुस्कारा टाकला. माझ्या शेजारी बाबांचा डावा हात खुर्चीच्या दांडीवर होता. त्यांनी तो सावकाश उचलला आणि कोटाच्या खिशात घातला. सिनेमा संपेपर्यंत तो हात बाहेर आला नाही. शेवटी ती बाई भांडी विसळत, पाठमोरी, एका आजारी शेजारणीला सगळं सांगते. शेजारीण पोलिश, तिला भाषा कळत नाही. माणसं रडत होती. आई रडत नव्हती. ती खाली लिहून येणारं इंग्रजी वाचत होती, शाळेतल्या मुलीसारखी, ओठ हलवत.

नावं आली. माझं नव्हतं. मी दिवे लागेपर्यंत वाचत बसले आणि खरं सांगते, त्या क्षणी मला आईबाबांचं काही वाटलं नाही, नावाचं वाटलं.

बाबांनी घरचा रस्ता चुकवला. रोजच्या हायवेवर भलत्याच ठिकाणी उतरले आणि दोन तास आम्ही गाडीत होतो, कुणी "ड्राइव्ह मी करू का" असंही म्हणालं नाही. घरी आल्यावर आईने चहाचं आधण ठेवलं. बाबा कोट न काढता स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिले.

"केव्हापासून माहीत आहे?"

"दादाचं पत्र आलं तेव्हापासून."

"दहा वर्षं?"

"होतील दहा."

"मग बोलली का नाहीस?"

आईने गॅस बंद केला. "तुम्ही सांगाल म्हणून थांबले होते."

बाबा काही म्हणाले असते तर. ओरडले असते, माफी मागितली असती, कागदांची सबब सांगितली असती तरी चाललं असतं. ते वर गेले, पेशंट लोकांसाठी ठेवलेल्या त्या खोलीत, आणि तिथेच राहायला लागले. जेवायला खाली यायचे, मीठ मागायचे, बिलं भरायचे. पुढे सोळा वर्षांनी गेले तेही त्याच खोलीत. आईने त्यांचे सगळे दिवस यथासांग केले, एकही कमी केला नाही. मी कॅलिफोर्नियाला गेले नाही. त्या दोघांना एकमेकांजवळ एकटं सोडून जाण्याची माझी हिंमत झाली नाही, आणि मी थांबले आहे ते का, हेही मला कुणाला सांगता आलं नाही.

सिनेमानंतर चौथ्या की पाचव्या दिवशी आई दही लावत होती. मान वर न करता तिने विचारलं, "मंजू, पिलारला मराठी येत होतं का गं?"

तेव्हा सांगता आलं असतं. आयुष्यात मला दिलेली ती एकमेव सवलत होती आणि ती देणारी माझी आई होती. मी म्हणाले, "थोडंथोडं समजायला लागलं असेल. हुशार होती ती."

"असेल," आई म्हणाली.

मी वाट बघत राहिले की ती आता ती ताटली फोडेल, निदान गराजमध्ये नेऊन टाकेल. जिने आपला विश्वासघात केला तिची वस्तू कोण वापरतं? पण आईने त्या ताटलीत दही लावणं एक दिवसही चुकवलं नाही. समोरच्याचा चेहरा वाचून मी पोट भरते, पण ते मला वाचता आलं नाही. मला वाटलं, आईचं मन मोठं.

सेन्योरला मी बऱ्याच वर्षांनी पत्र लिहिलं. त्याला कसलासा मोठा सन्मान मिळाल्याचं वाचलं, मुलाखतीत तो म्हणे म्हणाला होता की तो सिनेमा त्याने आपल्या मरणाऱ्या पत्नीकडून ऐकला. माझं डोकं फिरलं. तीन पानं लिहिली. अकरा सिनेमे दुसऱ्यांच्या नावावर लिहिणाऱ्या माणसाने माझं नाव खावं? अट मोडली, घर मोडलं. उत्तर आलं, थरथरत्या अक्षरात, पाच ओळींचं. "सोसिया, दोन अटी एकमेकींशी भांडत होत्या. तुझं नाव पडद्यावर आलं असतं, तर कोणी सांगितलं ते तुझ्या आईला कळलं असतं. म्हणून मी ते काढलं, आणि दोष पिलारवर टाकला. तिने हरकत घेतली नसती. बोट मात्र मला बदलता आलं नाही. मी पुष्कळ प्रयत्न केला."

बोट बदलता आलं नाही म्हणे! हात दुसरा घ्यायचा, टेलिफोनऐवजी तार आणायची, शंभर वाटा होत्या. मी त्याला पुन्हा लिहिणार होते, तोवर तो गेला. त्याला मी माफ केलेलं नाही. त्याच्यावरचा राग सोडला तर तो राग कुठे जाऊन बसेल हे मला चांगलं माहीत आहे.

आई आता माझ्याकडे असते. नव्वदीला आली आहे, इंग्रजी तिच्या डोक्यातून पुसून गेलंय. दिवसा तिच्यासाठी रोसा येते, होंडुरासची, गोल चेहऱ्याची, मायाळू. गेल्या महिन्यात एका दुपारी मी आईच्या खोलीत औषधं ठेवायला गेले. रोसा आईला चमच्याने दहीभात भरवत होती, त्याच तपकिरी ताटलीतून. आई तिच्याशी बोलत होती, खालच्या पट्टीत, न थांबता. चाळीस वर्षांपूर्वीचा आवाज. मला बघून थांबली.

"मंजू," ती म्हणाली, "हिला मराठी येतं का गं?"

"नाही आई. एक शब्द येत नाही."

आईने माझ्याकडे बघितलं. कित्येक वर्षांत तिने माझ्याकडे इतक्या स्वच्छ नजरेने बघितलं नव्हतं.

"पिलारलाही येत नव्हतं," ती म्हणाली. "तू जरा बाहेर जा. आणि दार लावून घे."